हप्ता तोच

१४ एप्रिल
हप्ता अकरावा, दोनशे चाळीसपैकी

धाकटे,

आशीर्वाद गृहीत धर. पत्राच्या डोक्यावर हप्त्याचा आकडा पाहून नाक मुरडू नकोस. स्वतःचं घर असलेल्यांकडे दोन कॅलेंडरं असतात, एक भिंतीवरचं आणि एक बँकेचं. तुमच्याकडे एकच, आणि तेही घरमालकाने ठोकलेल्या खिळ्यावर. नवा खिळा ठोकायचा तर अजून परवानगी मागावी लागते का गं?

दहा महिने मी गप्प बसले. वाटलं होतं, तू येशील, निदान तुझा नवरा तरी येईल, मान खाली घालून. पण तुमच्या दोन खोल्यांत एवढी मान वर करून कसे राहता, देव जाणे. छताला लागत असेल.

मी घर दाखवायला बोलावलं होतं, गणिताच्या शिकवणीला नाही. माझ्या शर्टांच्या कारखान्यातल्या, कटिंग खात्यातल्या चार बायका, सुपरवायझर, तुझ्या भाऊजींचे छापखान्यातले दोघे, सगळे कौतुकाने खिडकीबाहेरची बाग बघत होते. आणि तुझ्या कंडक्टरने काय करावं? खिशातून तिकिटाच्या रोलचा तुकडा काढला, त्याच्या पाठीवर सोळा हजार सातशे एकोणतीस गुणिले दोनशे चाळीस असा गुणाकार मांडला, आणि बसमध्ये ‘पुढे सरका’ म्हणतात त्याच आवाजात म्हणाला, "ताई, वीस लाखांच्या कर्जाचे तुम्ही चाळीस लाख चौदा हजार नऊशे साठ देणार. एका घरात राहणार आणि दोन घरांचे पैसे भरणार." सुपरवायझरचा चहाचा कप तोंडापर्यंत जाऊन थांबला.

मी म्हटलं, "तुम्हाला आमचं घर बघवत नाही." मग तू काय म्हणालीस? "ताई, ते हिशोब तेवढा सांगताहेत गं." हिशोब! सख्ख्या बहिणीच्या नव्या घरात, पाहुण्यांसमोर! मी दार दाखवलं, त्यात माझं काय चुकलं? दार तरी माझ्या मालकीचं होतं.

आता नीट ऐक. व्याज सगळेच देतात. तुम्ही भाडं देता, ते तर पाण्यातच जातं. माझा हप्ता माझ्या भिंतीत जातो. अकरा हप्ते गेले, म्हणजे अकरा विटा माझ्या झाल्या. तुझ्या कंडक्टरला एवढंसं कळत नाही, कारण त्याने जन्मभर लोकांना उतरवायचंच काम केलं.

आणि हो, बाबांच्या मागे राहिलेल्या चार लाखांतले तुझे दोन लाख माझ्या घराच्या सुरुवातीच्या रकमेत गेले आहेत, ते मी विसरलेले नाही. पाच वर्षं म्हटलं होतं, पाच वर्षांत देईन. मी शिवणीत माया सोडते, शब्दात सोडत नाही.

ताई


२ जुलै
हप्ता अडतिसावा, दोनशे चाळीसपैकी

धाकटे,

उत्तर आलं नाही. पालथ्या घड्यावर पाणी. तरी मी लिहिणार, कारण ही बातमी तुझ्या नवऱ्याच्या कानावर गेलीच पाहिजे.

व्याजाचे दर वाढले. आठ टक्क्यांचे साडेनऊ झाले. आमच्या खात्यात ज्यांनी ज्यांनी कर्ज काढलंय त्यांची तोंडं उतरली. एका बटणवालीने तर जेवणाचा डबा उघडलाच नाही. आणि मला बँकेचं पत्र आलं. जाड कागद, वर निळी पट्टी, आणि पहिलीच ओळ ठळक अक्षरांत: ‘आपल्या सोयीसाठी आपल्या मासिक हप्त्यात कोणताही बदल करण्यात आलेला नाही.’ वाचलंस? आपल्या सोयीसाठी! पुढे बारीक अक्षरांत ‘उर्वरित मुदत समायोजित’ वगैरे काहीतरी आदराने लिहिलं होतं. मोठ्या लोकांची भाषाच वेगळी. तुमचा घरमालक भाडं वाढवताना जिन्यातून ओरडतो.

सगळ्यांचा दर वाढला आणि माझा हप्ता तोच. माणसं ओळखून घेतात गं. तो हसरा अधिकारी, ज्याने कर्ज दिलं, तो पहिल्या दिवशीच म्हणाला होता, "मॅडम, तुमच्यासारखं गिऱ्हाईक आम्ही सांभाळतो." सांभाळलं. मी पत्र खात्यात नेऊन सगळ्यांना दाखवलं. तेव्हापासून बायका मला ‘हप्ता तोच’ म्हणूनच हाक मारतात. म्हणू देत. जळणाऱ्यांना जळू द्यावं, आपल्याला ऊब लागते.

तुझे भाऊजी म्हणाले, "अगं, दर वाढला आणि हप्ता वाढला नाही, तर मग वाढलं काय?" मी म्हटलं, "तुम्ही छापखान्यात दुसऱ्यांची पत्रं छापता, आपल्याला आलेलं पत्र मला वाचू द्या." गप्प बसले. त्यांचा तो एक गुण आहे.

हप्ता वाचला त्या आनंदात सोफा घेतला. तीन बसतील असा. तोही हप्त्यावर, महिन्याला एकोणीसशे. आता तुम्ही आलात तर बसायला जागा आहे, पण तुम्ही कशाला याल. उंटावरून शेळ्या हाकायची सवय लागली की जमिनीवर पाय ठेववत नाही.

तुझे दोन लाख लक्षात आहेत. सोफ्याचं फिटलं की बघू.

ताई


१९ सप्टेंबर
हप्ता चौसष्टावा, दोनशे चाळीसपैकी

धाकटे,

मावशी म्हणत होती, तू माझी पत्रं डब्यात जपून ठेवतेस आणि नवऱ्याला वाचून दाखवतेस. ठेव. पुढच्या पिढीला कळेल, घरात एक तरी शहाणी होती.

आमच्याकडे सगळं उत्तम आहे. दुसऱ्या खोलीत एक पाहुणी राहायला आलीय, शाळेत शिकवते. गेल्या मार्चमध्ये आली, अजून आहे. पाहुणी म्हटल्यावर दर महिन्याच्या पाच तारखेला ती काहीतरी देते, मी नको म्हणत नाही, माणसाचं मन मोडू नये. बाथरूममध्ये आधी ती, मग आम्ही. सवयीचं होतं.

तुझ्या भाऊजींचा छापखाना बंद झाला, हे मावशीने मीठमसाला लावून सांगितलंच असेल. त्यांना काही फरक पडला नाही. ते आता एका मोठ्या दुकानात सुरक्षा विभागात आहेत. दाराशी बसतात. येणारा-जाणारा प्रत्येक माणूस त्यांना नमस्कार करतो, निदान त्यांच्याकडे पिशवी तरी देतो. गणवेश त्यांना शोभतो.

तुझा नवरा म्हणेल, घराचे खर्च मोजा. मोजले बाई! वरच्या मजल्यावरच्या नळाचं पाणी माझ्या छतातून झिरपतं, त्याची दुरुस्ती माझी. लिफ्ट बिघडली, तिचा वाटा माझा, मी राहते पहिल्या मजल्यावर तरी. रंग माझा, कर माझा. तुमच्या घरात गळलं की तुम्ही घरमालकाच्या नावाने बोंब मारता आणि बादली लावून झोपता. मालकीण असण्यात कष्ट आहेत, म्हणून तर सगळ्यांना जमत नाही.

आणि यंदा दर पुन्हा वाढला, सव्वादहा झाला. पुन्हा निळ्या पट्टीचं पत्र आलं. हप्ता तोच! मी पहिलीच ओळ वाचली आणि फाईलला लावून टाकलं. मोठ्या माणसांचं पत्र सारखं उलगडून बघू नये, संशय घेतल्यासारखं दिसतं.

पाच वर्षं झाली, हे तू लिहिण्याआधी मीच लिहिते. दोन लाख आत्ता जमणार नाहीत. तुमचं भाड्याचं घर आहे, तुम्हाला एकदम एवढ्या पैशांचं काय करायचंय?

ताई


६ डिसेंबर
हप्ता एकशे तिसरा, दोनशे चाळीसपैकी

धाकटे,

मावशी सांगते ते खरं? तुम्ही घर घेताय? आणि तेही माझ्याच बँकेकडून?

अखेर अक्कल आली म्हणायची. उशिरा का होईना, आली. मावशी म्हणाली, तूच हट्ट धरलास. म्हणालीस म्हणे, "ताईची पत्रं वाचून वाचून मला या खोल्यांत श्वास घेववेना." ऐकून बरं वाटलं. आठ वर्षं शाई घालवली, ती फुकट गेली नाही.

आता माझं ऐक. उद्या मी रजा टाकून बँकेत जाणार आहे. माझी ओळख सांगितली की तुला खुर्ची देतील. शिवाय जुन्या गिऱ्हाईकाने नवं गिऱ्हाईक आणलं तर बँक भिंतीवरचं घड्याळ भेट देते, ते मी का सोडू? आणि येताना माझ्या खात्याचा उतारा घेऊन येते. कर्ज किती फिटलं, ते छापील कागदावर तुझ्या नवऱ्याच्या हातात ठेवायचंय. एकशे तीन हप्ते गेले, निम्म्याला आलं असेल. तिकिटाच्या पाठीवर मावणार नाही एवढा आकडा असेल तो.

तुम्ही तीस वर्षांचं घेताय असं ऐकलं. चांगलं केलंत. हप्ता हलका बसेल.

ताई


११ डिसेंबर

धाकटे,

त्या बँकेत जाऊ नकोस.

कारण काही खास नाही. माणसं उद्धट आहेत. पाण्याच्या पिंपावर एकच पेला, तोही साखळीने बांधलेला. तो हसरा अधिकारी बदलून गेला, त्याच्या जागी एक पोरगेलासा आलाय, डोळे वर करून बघत नाही. घड्याळही दिलं नाही.

दुसरी बँक बघ. किंवा राहू दे. एवढी काय घाई आहे? तुमच्या खोल्यांना उजेड चांगला आहे, मी तेव्हाही म्हणाले होते. नसेन म्हणाले तर आता म्हणते.

सही करायच्या आधी मला कळव.

ताई


१९ डिसेंबर

धाकटे,

साडेआठ वर्षांत तुझं पहिलं पत्र आलं, आणि त्यात एकच ओळ. ‘ताई, तुला माझं घर होतंय ते बघवत नाही.’

मी ती ओळ उभ्यानेच वाचली. मग सोफ्यावर बसले. पाहुणीने विचारलं, "काय झालं?" मी म्हटलं, "काही नाही, घरचं पत्र आहे." तिला पाहुणी म्हणणं आता थांबवते. ती भाडेकरू आहे. तिच्या भाड्यावर माझ्या हप्त्याचा तिसरा भाग निघतो. भाऊजी दुकानाच्या दारात चौकीदार आहेत आणि दिवसाचे बारा तास उभे असतात. त्यांचे पाय सुजतात. आता हेही लिहिलं.

बँकेत काय झालं ते सांगते. शब्द न शब्द सांगते, म्हणजे तुला मी जळते की आणखी काय, ते ठरवता येईल.

त्या पोरगेल्या अधिकाऱ्याने उतारा छापून दिला. मी म्हटलं, "एवढंच सांगा, किती राहिलं?"

"सतरा लाख चव्वेचाळीस हजार पाचशे पंचाहत्तर."

"फेडले ते नको, राहिलेले सांगा."

"राहिलेलेच सांगतोय, मॅडम. फेडलेत तुम्ही सतरा लाख तेवीस हजार."

"वीसातून सतरा गेले तर तीन राहतात. तुमचं यंत्र बिघडलंय."

तो पोरगा तेव्हा पहिल्यांदा वर बघून म्हणाला, "मॅडम, सतरामधले मुद्दलात फक्त अडीच लाख गेले. बाकी व्याज." आणि कागदावर बोट ठेवून दाखवलं. अगदी पहिल्या हप्त्यातले तेरा हजार तीनशे तेहतीस व्याजात, मुद्दलात तीन हजार तीनशे शहाण्णव. अकरा हप्त्यांत अकरा विटा म्हणाले होते ना तुला? दोनच झाल्या असतील, त्याही कच्च्या. लोक नातवंडांबद्दल म्हणतात ना, मुद्दलापेक्षा व्याज प्यारं? बँक ते नातवंडांबद्दल म्हणत नाही.

मी विचारलं, "ठीक आहे. मग आता एकशे सदतीस हप्ते राहिले ना?"

"दोनशे एकसष्ट."

"दोनशे चाळीसचं कर्ज आहे माझं. एकशे तीन भरले. मी लिहून ठेवलंय."

"दर वाढला तेव्हा मुदत वाढली, मॅडम. आता एकूण तीनशे चौसष्ट."

"मला न विचारता?"

"पत्र पाठवलं होतं. दोनदा." आणि त्याने ते निळ्या पट्टीचं पत्र पडद्यावर काढून बारीक ओळ वाचून दाखवली. ‘उर्वरित मुदत समायोजित.’

समायोजित! मी तो शब्द वाचला होता गं. मला वाटलं, काहीतरी मानपानाचं लिहिलंय.

तुला माहीत आहे, मी काय काम करते. कापडाचे ऐंशी थर एकावर एक अंथरते, वरच्या कागदावर आखते आणि एका दमात कापते. एक सूत चुकलं तर ऐंशी शर्ट वाया. पंचवीस वर्षांत माझा एक थर सरकलेला नाही. कोणी व्यापारी जर म्हणाला असता, "बाई, पन्हा तोच आहे, कापड तेवढंच लागेल," आणि गुपचूप लांबी वाढवली असती, तर मी त्याला कात्री दाखवून हाकललं असतं. कापडाची नुसती रुंदी बघून कोणी खूश होतं का? मी झाले. पन्हा तोच बघून साडेपाच वर्षं मिरवले, आणि खाली तागा उलगडतच होता. मी अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्त होणार. शेवटचा हप्ता भरायचा अडुसष्टाव्या वर्षी.

मी विचारलं, "मग काय करायला हवं होतं?" तो म्हणाला, "पहिल्यांदा दर वाढला तेव्हा एक अर्ज दिला असता, महिन्याला सतराशे चार जास्त भरले असते, तर मुदत तीच राहिली असती. नंतरच्या वेळी पुन्हा थोडे." सतराशे चार. सोफ्याचे मी एकोणीसशे भरत होते.

तुझ्या नवऱ्याला निरोप दे की त्याचा हिशोब चुकला होता, हे कळवायला मला फार आनंद होतोय. चाळीस लाख नव्हे. आहे हे असंच चाललं तर साठ लाखांच्या वर. हे लिहिताना मी त्या कंडक्टरला हसत होते, की स्वतःला, ते मला नीट सांगता येत नाही. हसण्यासारखं तोंड माझंच आहे. आठ वर्षं नाकाने कांदे सोलले आणि डोळ्यांत पाणी आलं ते आत्ता.

मला तुझं घर बघवत नाही असं नाही, धाकटे. मला तुझा हप्ता बघवणार नाही. तू सही करू नकोस, असंही म्हणत नाही. पण तीस वर्षांची करू नकोस. एवढं एक ऐक. मी तुला भाड्याच्या घराची लाज वाटायला लावली, ती लाज धुवायला तू तीस वर्षं विकू नकोस.

ताई


८ जानेवारी, सकाळी
बँकेत, तक्रार-अर्जाच्या पाठीमागे
हप्ता एकशे चौथा, आणि माझा शेवटचा

धाकटे,

आज तुमची सही आहे, हे मावशीकडून कळलं. तू काचेच्या खोलीत बसलीयेस आणि मी बाहेर. माझ्याकडे बघून तू मान फिरवलीस, ती अजून तशीच आहे. बोलणार नाहीस, म्हणून लिहिते. इथलं पेन सुतळीने टेबलाला बांधलंय, त्यामुळे वाकडी उभी राहून लिहावं लागतंय. अक्षराला हसू नकोस.

आत्ता तुझा नवरा झेरॉक्स काढायला बाहेर आला होता. मी म्हटलं, "तुम्हाला तरी कळायला हवं होतं. तुम्ही तिकिटावर हिशोब मांडणारे!"

तो म्हणाला, "ताई, हिशोब मला आजही येतो. पण आठ वर्षं तुमचं पत्र आलं की ही दोन दिवस जेवत नव्हती. म्हणायची, आपलं कधी? मी थकलो. म्हटलं, होऊ दे."

मग हळूच म्हणाला, "तुमचं शेवटचं पत्र तिने मला वाचू दिलं नाही. पण फाडलंही नाही."

तुझा नवरा चांगला माणूस आहे. हे मी पुन्हा लिहिणार नाही, जपून ठेव.

त्याने मला आकडे सांगितले. बावीस लाख, साडेनऊ टक्के, तीस वर्षं, हप्ता अठरा हजार चारशे नव्व्याण्णव. मग आम्ही दोघांनी मिळून त्या पोरगेल्या अधिकाऱ्याच्या मदतनिसाला यंत्रावर दुसरा हिशोब करायला लावला. तीन वेळा करायला लावला, कारण माझा विश्वास बसेना. कर्ज बावीसऐवजी अठरा लाख घेतलं, आणि मुदत तीसऐवजी पंधरा वर्षं, तर हप्ता येतो अठरा हजार सातशे शहाण्णव. महिन्याला दोनशे सत्त्याण्णव जास्त. बस्स. आणि एकूण? तीस वर्षांचे होतात साडेसहासष्ट लाखांच्या वर. पंधरा वर्षांचे चौतीस लाखांच्या आत. जवळपास तेहतीस लाखांचा फरक, धाकटे, आणि तो फक्त सुरुवातीच्या चार लाखांमुळे पडतो.

ते चार लाख तुझ्याकडे का नाहीत, ते आपल्या दोघींना माहीत आहे.

मी घर विकलं. म्हणजे इसार घेतला, खरेदीखत या महिनाअखेरीस. एक नवं जोडपं आहे. आल्या आल्या म्हणाले, "आम्हाला हप्ता किती बसेल?" मी त्यांना अर्धा तास बसवून समजावलं, तर दलाल मला घराबाहेर बोलावून ओरडला. बँकेचं देऊन काही उरतंय. सोफा त्यांनाच दिला. भाऊजींना सांगितलं तेव्हा वाटलं रागावतील, पण ते म्हणाले, "म्हणजे मी आता दुकानात बसून काम करायची नोकरी बघू शकतो?" एवढंच. ज्या माणसाला मी साडेआठ वर्षं गप्प बसवलं, त्याने त्या दिवशी दोन कप चहा केला आणि एक मला दिला.

भाड्याच्या दोन खोल्या बघितल्या आहेत. घरमालक जिन्यातून ओरडणारा दिसतो. मीही ओरडेन.

माझ्या पर्समध्ये त्या इसाराच्या पैशांतून लिहिलेला तुझ्या नावाचा चेक आहे. बाबांच्या पैशांतले तुझे दोन लाख, त्यावर आठ वर्षं सात महिन्यांचं व्याज, बँकेने मला पहिल्या दिवशी लावलं त्याच दराने. होतात तीन लाख शहाण्णव हजार पाचशे दहा. मी पुरते चार लाख लिहिलेत. वरचे तीन हजार चारशे नव्वद तुझ्या नवऱ्याला परत करायला सांग. सुट्टे नाहीत म्हणेल. त्यांच्याकडे कधी असतात?

ही चिठ्ठी शिपायाच्या हाती आत पाठवते. चेक पाठवणार नाही. तो पोरगा आता तुझ्यासमोर कागद ठेवतोय, मला दिसतंय. त्याला नुसतं विचार, उद्या दर वाढला तर हप्ता वाढवायचा की मुदत, हे कोण ठरवणार? तो ‘समायोजित’ म्हणाला तर पेन खाली ठेव.

पण तू सही केलीस तरी, तीस वर्षांची केलीस तरी, मी इथून जाणार नाही. माझ्याशी बोलू नकोस हवं तर. चेक घ्यायला तेवढी बाहेर ये.

ताई